आवाजांचे ग्रंथालय

आज दुपारी १८६० सालचे एक ध्वनिमुद्रण ऐकले आणि तेव्हापासून मनात एक काल्पनिक ग्रंथालय उभे राहिले आहे, ज्याच्या कपाटांत पुस्तकांऐवजी केवळ आवाज असतील. त्या मुद्रणासाठी एदुआर-लेओं स्कॉट द मार्तेंव्हिल या फ्रेंच मुद्रकाने काजळी धरलेल्या कागदावर ध्वनिलहरींच्या रेषा उमटवल्या त्या ऐकण्यासाठी नव्हे, तर डोळ्यांनी पाहण्यासाठी; त्यांतले गाणे संशोधकांनी ऐकू आणले ते थेट २००८ मध्ये. (आवाज मुद्रित करून पुन्हा ऐकवणारे एडिसनचे यंत्र, फोनोग्राफ, १८७७ चे, म्हणजे बरेच नंतरचे.) माझ्या ग्रंथालयात नेत्यांच्या भाषणांपेक्षा बंद पडलेल्या यंत्रांची घरघर आणि लुप्त झालेल्या भाषांतील अंगाया यांना मोठे दालन मिळेल, कारण भाषणाचा मजकूर कागदावरही टिकतो, बोलताना अडखळलेला श्वास टिकत नाही. सूची मात्र वर्णानुक्रमे नव्हे, कालक्रमानेच लावावी, असे मला वाटते.