स्किबरीनच्या स्वयंपाकघरातली निधनवार्ता

आयर्लंडमध्ये दहा दिवस होते. डब्लिन पाहिलं, मोहरचे कडे धुक्यातून दिसले तेवढे पाहिले, कॉर्कला भाच्याकडे चार दिवस राहिले. सगळं छान झालं, पण मला लिहायचंय ते एका स्वयंपाकघराबद्दल. तिथे सकाळी रेडिओवर निधनवार्ता सुरू झाल्या आणि घरमालकीणबाईंनी माझ्या कपात चहा ओतता ओतता किटली तशीच हातात धरून ठेवली. कप अर्धाच भरला होता. तीन-चार मिनिटं त्या घरात कुणी बोललं नाही.

गावाचं नाव स्किबरीन. कॉर्कहून २३७ नंबरची बस बँडन, क्लोनाकिल्टी करत साधारण दोन तासांत पोचवते. भाचा म्हणाला, "मावशी, तिथे आहे काय?" मी म्हटलं, "पेपर आहे."

माझे वडील गडहिंग्लजचे वार्ताहर. एकतीस वर्षं त्यांनी एकाच दैनिकाला बातम्या पाठवल्या. फोन लागायचा नाही त्या काळात संध्याकाळच्या कोल्हापूर गाडीच्या कंडक्टरकडे पाकीट द्यायचे आणि गाडी वळणाआड जाईपर्यंत स्टँडवर उभे राहायचे. स्किबरीनचं नाव मी पहिल्यांदा त्यांच्याच तोंडून ऐकलं. १८९८ मध्ये या एवढ्याशा गावातल्या 'स्किबरीन ईगल' नावाच्या पेपराने अग्रलेखात लिहिलं होतं, रशियाच्या सम्राटावर आमची नजर आहे! लोक त्याला आजवर हसत आलेत. कुठल्या कोपऱ्यातला पेपर, आणि म्हणे झारवर नजर. वडील मात्र हा किस्सा सांगताना कधी हसले नाहीत. त्या अग्रलेखाचा रोख देशातल्या आणि परदेशातल्या, माणसाच्या हक्कांवर उठलेल्या सगळ्याच जुलमी सत्तांवर होता. गावातल्या पेपराने हे म्हणायचं नाही, तर कुणी म्हणायचं? वडिलांचं तेच मत होतं आणि स्किबरीनचा रस्ता चालून आल्यावर माझंही तेच आहे.

कारण झारच्या आधी या गावाने काय पाहिलं होतं, ते ठाऊक असायला हवं. बटाट्याच्या रोगामुळे पडलेल्या १८४५ नंतरच्या महादुष्काळात स्किबरीन सगळ्यात भाजून निघालेल्या भागांत होतं. गावाबाहेर आयलन नदीच्या काठी अॅबेस्ट्रूरीचं कब्रस्तान आहे. तिथल्या खड्ड्यांत आठ ते दहा हजार माणसं पुरलेली आहेत. शवपेट्या नाहीत, नावं नाहीत. वर नुसतं सपाट, हिरवंगार गवत. पाऊस भुरभुरत होता आणि त्या गवतावर पाय ठेवायचा मला धीर झाला नाही, कडेकडेनेच फिरले.

जुन्या गॅस कारखान्याच्या इमारतीत या दुष्काळाचं प्रदर्शन आहे. तिथे डॉ. डॅनियल डोनोव्हन भेटतात. गावातल्या सरकारी दवाखान्याचे डॉक्टर. घराघरांत जे दिसत होतं त्याची त्यांनी रोजनिशी लिहिली आणि ती कॉर्कच्या 'सदर्न रिपोर्टर'मध्ये छापून येऊ लागली. कॉर्कचेच एक मॅजिस्ट्रेट निकोलस कमिन्स यांनी इथली दशा पाहून ड्यूक ऑफ वेलिंग्टनला पत्र लिहिलं, ते १८४६ च्या नाताळाच्या आदल्या दिवशी लंडनच्या 'टाइम्स'मध्ये आलं. पुढच्या फेब्रुवारीत जेम्स महोनी या कॉर्कच्या चित्रकाराची रेखाचित्रं लंडनच्या सचित्र साप्ताहिकात आली. छापल्याने दुष्काळ हटला नाही. पण माणसं मरत नाहीत, असं म्हणायची सोय उरली नाही. १८९६ च्या दुष्काळात 'केसरी'ने शेतकऱ्यांना फॅमिन कोडातले, म्हणजे सरकारच्या दुष्काळ-नियमावलीतले, त्यांचे हक्क समजावून सांगितले, ते वडील आम्हाला पुन्हा पुन्हा सांगायचे. त्या प्रदर्शनात उभी असताना त्यांचा आवाज कानात होता.

इथे जाणार असाल तर दोन दिवस ठेवा. मी एकच मुक्काम ठेवला आणि अजून हळहळते आहे.

'ईगल' आता नाही. गावात १८८९ मध्ये 'सदर्न स्टार' निघाला आणि १९२९ मध्ये त्याने 'ईगल' विकत घेतला. 'स्टार' राष्ट्रवादी. क्लोनाकिल्टीजवळच जन्मलेला मायकेल कॉलिन्स त्याचा भागधारक होता आणि स्वातंत्र्याच्या धामधुमीत इंग्रजांनी हा पेपर अनेकदा बंद पाडला. आयर्लंडमधल्या पेपरांवर आलेल्या निर्बंधांचा आपल्याशी जवळचा संबंध आहे. १८७८ मध्ये व्हाइसरॉय लिटनने आपल्या देशी भाषांतल्या वृत्तपत्रांचा गळा आवळणारा कायदा आणला, तो आयर्लंडच्याच कायद्यावर बेतलेला होता. एकाच सत्तेने एकच फास दोन्हीकडे वापरला. ही गोष्ट आपल्याकडे शाळेत शिकवायला हवी, असं मला मनापासून वाटतं.

तर ते स्वयंपाकघर.

बाई अठ्ठ्याहत्तर वर्षांच्या. दोन खोल्या पाहुण्यांना देतात. रेडिओवरचा निवेदक संथपणे वाचत होता: अमुक, माहेरची तमुक, या वस्तीतली, शांतपणे, घरीच, अमक्याची बायको, तमक्यांची आई. दर्शन कुठे, प्रार्थना किती वाजता, दफन कुठल्या कब्रस्तानात. तिथे दोन-तीन दिवसांत अंत्यविधी होतो आणि ओळखीचा प्रत्येक माणूस जातोच, त्यामुळे वेळ चुकून चालत नाही. वाचन संपलं तेव्हा बाईंनी किटली खाली ठेवली, भिंतीवरच्या कॅलेंडरवर उद्याच्या चौकटीत "११" लिहिलं आणि मग माझा कप भरला.

मी विचारलं, हे सगळं पेपरात येतं ना? त्यांनी बिस्किटांचा पत्र्याचा डबा काढला. आत कात्रणं. नवऱ्याचं, दोन भावांचं, शेजारणीचं, शाळेतल्या बाईंचं. डब्याच्या तळाशी तपकिरी कागदाच्या पट्ट्यांचा गठ्ठा होता. त्यांचा थोरला भाऊ बॉस्टनला गेला, तेव्हापासून तो वारेपर्यंत दर आठवड्याला त्या 'स्टार'ची घट्ट गुंडाळी करायच्या, मधोमध ही पट्टी डकवायच्या आणि पोस्टात टाकायच्या. दोन्ही टोकं उघडी ठेवायची, म्हणजे छापील मजकुराचा स्वस्त दर लागायचा. भाऊ आधी निधनाचं पान उघडायचा, मग फुटबॉल. लाखो माणसं देश सोडून गेलेल्या त्या बेटावर पेपराने काय काम केलं, ते मला त्या चिकट पट्ट्यांनी जेवढं कळलं तेवढं डब्लिनच्या कुठल्याच संग्रहालयात कळलं नव्हतं. आता बहुतेक निधनवार्ता एका संकेतस्थळावर असतात, तेही २०२४ मध्ये 'आयरिश टाइम्स'ने विकत घेतलं. बाईंच्या नातीने ते फोनवर लावून दिलंय. "पण फोन भिंतीला चिकटवता येत नाही," म्हणाल्या. फ्रिजवर चुंबकाखाली या आठवड्याचं पान होतं.

मग त्यांनी मला सहज विचारलं, "तुझे वडील गेले तेव्हा पेपराने काय लिहिलं, लव्ह?"

मी हे कुणाला सांगितलं नव्हतं. ज्या दैनिकात वडिलांनी एकतीस वर्षं दुसऱ्यांच्या निधनवार्ता बिनचूक पाठवल्या, त्यात त्यांची स्वतःची आली दोन ओळींची. तिसऱ्या दिवशी. आणि गाव छापलं होतं गारगोटी. आईने तो अंक घडी करून ठेवला, आम्ही कुणी काही बोललो नाही. दुरुस्ती छापा, असा फोन करायलाही मन धजावलं नाही. वडिलांनी मात्र दुसऱ्या कुणासाठी तो नक्की केला असता.

बाईंनी चष्मा काढला. "गाव चुकवलं?" एवढंच. मग विचारलं, "खरं गाव कुठलं?"

मी म्हटलं, गडहिंग्लज.

त्यांनी म्हणून पाहिलं. जमलं नाही. कॅलेंडरखालची पेन्सिल माझ्या हातात देऊन म्हणाल्या, लिही. मी रोमन अक्षरांत लिहिलं. 'ड'वर त्यांची जीभ अडखळली, 'ग्ल'वर पुन्हा. रेडिओवर आता जाहिराती लागल्या होत्या, त्यांनी उठून तो बंद केला आणि परत खुर्चीत बसल्या. तुकडे करून म्हटलं, मग जोडून म्हटलं, माझ्याकडे बघत पुन्हा म्हटलं. सहाव्या-सातव्या वेळी बरोबर आलं. "बरोबर ना?" त्यांनी विचारलं. मी हो म्हटल्यावरही त्यांनी ते आणखी एकदा म्हटलं.