ढोलीच्या फटीतली चोच

संगमेश्वर तालुक्यातली एक देवराई. गावाचं नाव मुद्दाम देत नाही. घरट्याचा पत्ता फुटला की तिथे कॅमेऱ्यांची रांग लागते.

एप्रिल होता. बेहेड्याच्या खोडात उंचावर ढोली, तिला बोटभर रुंद फट. आत कवड्या धनेश या मोठ्या चोचीच्या पक्ष्याची मादी. कोकणात याला ककणेर म्हणतात. मादी स्वतःला आत कोंडून घेते, विष्ठा, माती नि फळांच्या चोथ्याने ढोलीचं तोंड लिंपते आणि उडायची पिसंही आतच गाळते. पुढचे कित्येक आठवडे तिला आणि पिल्लांना जे मिळेल ते त्या फटीतून, नराच्या चोचीतून.

नर घशातलं उंबर चोचीच्या टोकावर आणतो आणि फटीत देतो, मग दुसरं, मग तिसरं. फिल्ममध्ये संथ गतीत दाखवता यावं म्हणून मला ते सेकंदाला १०० फ्रेमने टिपायचं होतं. आदल्या संध्याकाळी झाडापासून २५ मीटरवर लपण, म्हणजे आत बसून चित्रित करायचा कापडी आडोसा, बांधलं. सोबतचे तात्या म्हणाले होते, "जरा लांब बांधा." पण लांबून फट पानांआड जात होती. मी ऐकलं नाही.

पहाटे अंधारातच आत शिरलो. पावणेसातला पंखांचा आवाज आला. ककणेर दिसण्याआधी ऐकू येतो. समोरच्या आंब्यावर बसला, घसा फळांनी फुगलेला. मी रेकॉर्डिंग सुरू केलं. तो हलेना. मान तिरकी करून लपणाकडे बघत राहिला आणि वीसेक मिनिटांनी तसाच, भरल्या घशाने, उडून गेला. आठ वाजता परत आला. पुन्हा आंबा, पुन्हा तेच बघणं.

तेवढ्यात फटीतून मादीच्या चोचीचं टोक बाहेर आलं. तिनेही पंख ऐकले असणार. टोक थोडं उघडलं, थांबलं, आत गेलं. असं तीनदा. फोकस अचूक, उजेड कोवळा. त्या सबंध कामातला माझा सर्वांत देखणा शॉट तो. आणि मला कळत होतं की मी भूक चित्रित करतोय, आणि ती भूक माझ्यामुळे आहे.

नर उडाल्याबरोबर बाहेर पडलो. तात्या पायवाटेवर बसले होते. काही न बोलता त्यांनी दोऱ्या सोडायला घेतल्या. दहा मिनिटांत कापड, बांबू, ट्रायपॉड, सगळं खाली. पऱ्ह्यापलीकडच्या, म्हणजे ओढ्यापलीकडच्या उतारावर, ८० मीटरवर जाऊन लांबचं टिपणारी ६०० मिलिमीटरची लेन्स लावली. अर्धी चौकट पानांनी भरलेली.

साडेदहाला नर आला. आंब्यावर क्षणभर टेकला आणि थेट ढोलीशी. तात्या पुटपुटत उंबरं मोजत होते. तेवीस.

एडिटिंगच्या वेळी सगळ्यांना तो सकाळचा शॉट हवा होता. त्यावर 'जोडीदाराची वाट पाहणारी मादी' असं निवेदन छान बसलं असतं. मी तो द्यायला नकार दिला. फिल्ममध्ये पानांआडचा, अर्धवट दिसणारा नर आहे.