दोन आवाजांचा मठ : मंकवेअरमाउथ, जॅरो आणि डरहॅम

इंग्लंडच्या ईशान्येला येणारे बहुतेक जण थेट डरहॅमचं कथीड्रल गाठतात, फोटो काढतात आणि परततात. तुमच्याकडे एक पूर्ण दिवस असेल तर एवढंच सांगेन, डरहॅम शेवटी ठेवा. आधी संडरलंडजवळच्या मंकवेअरमाउथचं सेंट पीटर्स चर्च, मग जॅरोचं सेंट पॉल्स आणि संध्याकाळी डरहॅम. सातव्या शतकात या दोन जोडमठांची गोष्ट ज्या क्रमाने घडली त्याच क्रमाने पाहिली की डरहॅममधल्या बीड या विद्वान साधूच्या साध्या काळ्या दगडी कबरीपाशी पोहोचेपर्यंत तिचा अर्थ लागलेला असतो. आम्ही जूनमध्ये गेलो, मी आणि साताऱ्याहून आलेले बाबा. बाबांनी भजनी मंडळात चाळीस वर्षं टाळ धरलाय. जुन्या चर्चपेक्षा तिथं गायचे काय, हाच त्यांचा पहिला प्रश्न होता आणि पुढे दिवसभर तोच प्रश्न आमचा वाटाड्या झाला.

मुक्काम न्यूकॅसलला केलात तर सोयीचं पडतं. तिथून टाइन अँड वेअर मेट्रो संडरलंडलाही जाते आणि जॅरोलाही. दिवसभराचं तिकीट काढा, दोन्ही ठिकाणं त्यात बसतात. डरहॅमला मात्र रेल्वेने जायचं, ते तिकीट वेगळं.

मेट्रोने आधी सेंट पीटर्स स्थानकावर उतरा. संडरलंडच्या अलीकडचं, नदी ओलांडण्याआधीचं. तिथून वेअर नदीच्या कडेने चालत दहा मिनिटांत चर्च येतं. आजूबाजूला विद्यापीठाच्या इमारती आहेत, पूर्वी इथं जहाजं बांधायचे. बाहेरून पाहिलं तर पहिल्यांदा काहीच वाटत नाही. उंच, अरुंद मनोरा आणि त्याच्या पायथ्याशी बुटकी कमान. पण त्या कमानीच्या आत जाऊन उभे राहा. पश्चिमेची भिंत आणि ही देवडी हा मूळ बांधकामाचा उरलेला भाग. मनोरा त्यावर नंतर चढवला. दाराच्या दोन्ही बाजूंच्या दगडांवर एकमेकांत गुंतलेले, चोचीसारखी तोंडं असलेले सर्पाकृती प्राणी कोरलेत. वाऱ्यापावसाने झिजलेत, सकाळच्या तिरप्या उन्हातच ते नीट दिसतात. म्हणून सकाळी इथं या.

हा मठ ६७४ साली बेनेडिक्ट बिस्कपने उभारला. तो नॉर्थम्ब्रियाच्या, म्हणजे उत्तर इंग्लंडमधल्या तेव्हाच्या राज्याच्या, राजाच्या पदरचा सरदार. पंचविसाव्या वर्षी इनाम मिळालेली जमीन सोडून रोमच्या वाटेला लागला. आयुष्यात निदान पाच वेळा त्याने ब्रिटनहून रोम गाठलं, आल्प्स ओलांडून. मधली दोन वर्षं दक्षिण फ्रान्सजवळच्या लेरँ बेटावर मठवासी होऊन राहिला. कँटरबरीलाही दोन वर्षं मठाधिपती होता. वाटेत पाहिलेल्या सतरा मठांमधून जे जे उत्तम वाटलं ते वेचून त्याने आपल्या मठाची शिस्त घातली.

त्या काळी उत्तरेतली चर्चं बहुधा लाकडाची असत. बिस्कपला रोमसारखं दगडी हवं होतं आणि इथं तसे गवंडी नव्हते, म्हणून त्याने गॉलमधून, म्हणजे आजच्या फ्रान्समधून, आणले. वर्षभरात छप्पर चढून आत प्रार्थना सुरू झाली. खिडक्यांना काच हवी, तर काचवालेही गॉलमधूनच. आणि त्या काचवाल्यांनी नुसतं काम केलं नाही, इथल्या लोकांना ती विद्या शिकवून गेले. मला या माणसाबद्दल सगळ्यात आदर वाटतो तो इथंच. वस्तू तर राजेही आणतात. हा वस्तूच्या मागोमाग ती करणारे हात आणत होता. रोमहून चित्रं आणली ती भिंतींवर लावली, दक्षिणेला येशूच्या आयुष्यातले प्रसंग, उत्तरेला जगाच्या अंताची दृश्यं, वाचता न येणाऱ्यालाही कळावं म्हणून. आणि गाण्यासाठी? रोमच्या सेंट पीटर्सचा मुख्य गायक जॉन याला पोपच्या परवानगीने सोबत घेऊन आला. जॉनने वर्षभराच्या सणवारांचं गायन तोंडी शिकवलं आणि लिहूनही ठेवलं. आसपासच्या मठांतूनही गाणारे शिकायला येत.

बाबा देवडीतच बसकण मारून हे ऐकत होते. "अगं, म्हणजे चाल गुरूच्या तोंडूनच घ्यायची. कागदावरून चाल येत नाही." मी म्हटलं, बाबा, म्हणूनच तर माणूस आणला.

इथून निघताना ही वेअर नदी लक्षात ठेवा. तिचा धागा पुढे लागेल. ६८१-८२ च्या सुमारास राजा एजफ्रिथने आणखी जमीन दिली आणि सात मैलांवर जॅरोला जोडमठ निघाला. तिथला मठाधिपती चेओलफ्रिथ. बिस्कप रोमच्या वाऱ्यांवर असताना मंकवेअरमाउथ सांभाळायचा त्याचा चुलतभाऊ एओस्टरवाइन. हाही मूळचा राजाचा सरदार, पण मठाधिपती होऊनही इतरांबरोबर धान्य पाखडायचा, मेंढ्यांचं दूध काढायचा, भटारखान्यात आणि बागेत राबायचा, वाटेने जाताना कुणी नांगर धरलेला दिसला की स्वतः हात लावायचा.

आता जॅरो. मेट्रोने परत पेलॉपर्यंत या आणि तिथं साउथ शील्ड्सची गाडी पकडा. जॅरोच्या पुढच्या स्थानकाचं नाव बीड. बाबांनी नकाशावर ते वाचलं आणि दोनदा खात्री केली. आपल्या बीडशी नातं काही नाही, ज्या विद्वान साधूला आपण भेटायला चाललो होतो त्याचं ते नाव. बीड स्थानकावरून सेंट पॉल्सला पंधराएक मिनिटं चालावं लागतं आणि रस्ता कारखान्यांमधून जातो. सावली नाही, दुकान नाही. पाणी आणि खायचं सोबत घ्या. आम्ही दशम्या आणि शेंगदाण्याची चटणी नेली होती ती चर्चमागच्या हिरवळीवर खाल्ली. पाय चांगले असतील तर दोन्ही मठांना जोडणारी 'बीड्स वे' नावाची सुमारे १२ मैलांची पायवाट आहे. आम्हाला ती जमण्यासारखी नव्हती. समुद्राचा वारा जूनमध्येही बोचतो, स्वेटर असू द्या.

दोन्ही चर्चं स्वयंसेवकांच्या भरवशावर उघडी असतात, तासही मोजके. निघण्याआधी वेळा पाहाच. मी आधीच्या एका खेपेला न पाहता आले होते आणि बंद दारावरून परत गेले होते. रविवारी सकाळी प्रार्थना असते, तेव्हा पर्यटक म्हणून हिंडू नये. शेजारच्या संग्रहालयाचंही, उघडं आहे का ते आधी विचारून घ्या.

सेंट पॉल्समध्ये शिरल्यावर पुढचा मोठा भाग एकोणिसाव्या शतकातला आहे, त्यात थांबू नका. सरळ मनोऱ्याखालून पलीकडच्या गाभाऱ्यात जा. तो गाभारा म्हणजे सातव्या शतकातलं आख्खं छोटं चर्च. दक्षिणेच्या भिंतीत उंचावर तीन चिमुकल्या खिडक्या आहेत. त्यातल्या एका खिडकीत उत्खननात सापडलेले त्या काळच्या काचेचे तुकडे जुळवून बसवलेत. रोझमेरी क्रॅम्प या डरहॅमच्या प्राध्यापिकेने १९६३ पासून पंधरा वर्षं या दोन्ही मठांचं उत्खनन केलं, त्यातून हे हाती आलं. पिवळट, निळसर, हिरवे तुकडे, तळहाताएवढी जागा. ऊन आलं की जमिनीवर रंग सांडतो. गॉलहून आलेल्या कारागिरांची ती विद्या. तिथं आम्ही अर्धा तास बसलो, तुम्हीही घाई करू नका.

गाभाऱ्याच्या कमानीवर मूळ शिलालेख आहे, तो मान वर करून वाचावा लागतो. लॅटिनमध्ये लिहिलंय की एजफ्रिथ राजाच्या पंधराव्या आणि चेओलफ्रिथच्या मठाधिपतिपदाच्या चौथ्या वर्षी हे चर्च अर्पण झालं. तारीख निघते २३ एप्रिल ६८५. महिनाही झाला नाही तोच, २० मे रोजी, राजा एजफ्रिथ उत्तरेला पिक्ट लोकांशी लढताना मारला गेला. आणि त्यानंतर लगेच साथ आली.

ही गोष्ट त्या गाभाऱ्यातच बसून सांगण्याची आहे. चेओलफ्रिथच्या जुन्या चरित्रात ती आहे. ६८६ च्या सुमाराला साथीने जॅरोतले वाचन करणारे, उपदेश करणारे, गाणारे सगळे नेले. उरले दोघेच, चेओलफ्रिथ आणि त्याने वाढवलेला, शिकवलेला एक लहान मुलगा. रोजची स्तोत्रं ठरलेल्या वेळी म्हणायची असत आणि प्रत्येक स्तोत्राच्या आधी-नंतर एक छोटी ओळ गायची, जिला अँटिफन म्हणतात. दोन माणसांत ते झेपेना. मठाधिपतीने मोठ्या दुःखाने ठरवलं, सकाळ-संध्याकाळची उपासना सोडून बाकी वेळी अँटिफन गाळायचे. आठवडाभर तसं केलं, रडत रडत. मग त्याला ते सहन होईना. त्याने पूर्ण क्रम पुन्हा सुरू केला आणि नवी माणसं तयार होईपर्यंत तो आणि तो मुलगा दोघांनीच सगळं ओढलं.

बाबा गप्प झाले. मग म्हणाले, "धृपदाशिवाय अभंग म्हटल्यासारखं झालं असेल गं त्यांना. शब्द सगळे असतात, पण परतायला जागा नसते." करोनाच्या वर्षी त्यांच्या मंडळातले तिघे गेले. काकडआरतीला कितीतरी दिवस बाबा आणि एक शेजारी एवढेच उभे राहायचे. ते त्यांनी तिथं बोलून दाखवलं नाही, पण मला ते माहीत होतं.

त्या मुलाचं नाव चरित्रात नाही. तो पुढे त्याच मठात पुरोहित झाला एवढंच लिहिलंय, आणि म्हणून बहुतेक अभ्यासक म्हणतात की तो बीडच. सातव्या वर्षी मठात आलेला, तेव्हा तेराएक वर्षांचा. पुढे त्याने इंग्लंडचा धार्मिक इतिहास लिहिला. बिस्कपने आणलेल्या आणि चेओलफ्रिथने दुप्पट केलेल्या ग्रंथसंग्रहावर तो उभा होता. जॅरोच्या त्या भिंतींपासून तो फारसा लांब कधी गेलाच नाही. जग पोथ्यांतून त्याच्याकडे आलं.

बिस्कपचा शेवट मंकवेअरमाउथला झाला. तीन वर्षं कमरेखालून लुळा होता. एओस्टरवाइननंतर त्याच्या जागी काम पाहणारा सिगफ्रिथही क्षयाने खंगलेला. एकमेकांचा निरोप घ्यायचा म्हणून सिगफ्रिथला उचलून बिस्कपच्या खाटेवर आणलं, दोघांची डोकी एका उशीवर ठेवली आणि तोंडं जवळ आणायलाही इतरांना हात द्यावा लागला. बिस्कपचं शेवटचं सांगणं दोन गोष्टींचं होतं. ग्रंथसंग्रह फुटू देऊ नका आणि मठाधिपती रक्ताच्या नात्याने निवडू नका. माझा सख्खा भाऊ या जागेवर बसण्यापेक्षा ही जागा कायमची ओसाड झालेली मला चालेल, इतक्या स्पष्ट शब्दांत. त्या काळी सरदार घराणी मठ वारसाहक्काने चालवू पाहत. स्थापनेच्या सोळाव्या वर्षी, १२ जानेवारीला तो गेला आणि मग चेओलफ्रिथ दोन्ही मठांचा मठाधिपती झाला.

आता मंकवेअरमाउथच्या नदीचा धागा. चेओलफ्रिथने संपूर्ण बायबलच्या तीन प्रती करवल्या. त्यातली एक पोपला भेट द्यायला ७१६ च्या जूनमध्ये तो स्वतः निघाला, सत्तरी उलटलेली असताना. तेव्हा दोन्ही मठांत मिळून सहाशेहून अधिक माणसं होती. सकाळी सगळे रडत त्याच्यासोबत काठापर्यंत आले. तो नावेतून वेअर ओलांडून पलीकडे गेला, क्रूसाला वंदन केलं आणि घोड्यावर बसला. २५ सप्टेंबरला फ्रान्समध्ये लांग्र इथं तो वारला. ती प्रत पुढे इटलीत राहिली, पहिल्या पानावरचं त्याचं नाव खरवडून दुसरं घातलं गेलं, आणि एकोणिसाव्या शतकात ती खूण ओळखली जाईपर्यंत ती इटलीतच तयार झाली असं मानत. आज ती फ्लॉरेन्सला आहे. कातड्याची हजाराहून अधिक पानं, वजन सुमारे ३४ किलो. २०१८ मध्ये प्रदर्शनासाठी ती १३०२ वर्षांनी इंग्लंडला आली होती.

जॅरोहून न्यूकॅसल वीसेक मिनिटं आणि तिथून डरहॅम पंधराएक मिनिटं. डरहॅमचं स्टेशन टेकडीवर, कथीड्रल दुसऱ्या टेकडीवर. वडीलधारी सोबत असतील तर टॅक्सी करा. आत जायला पैसे नाहीत, देणगी ऐच्छिक. बीडची कबर पश्चिम टोकाच्या गॅलिली चॅपलमध्ये आहे. अकराव्या शतकात त्याची हाडं जॅरोहून इथं आणली गेली.

सायंप्रार्थना गाठता येईल असं वेळापत्रक आखा. वेळ त्या दिवशीची पाहून घ्या, वीस मिनिटं आधी गेलात तर गायकांच्या जवळ बसू देतात. शाळांच्या सुट्टीत नेहमीचा गायकवृंद नसतो, तेवढं टाळा. गाणारे दोन ओळींत समोरासमोर उभे राहिले आणि स्तोत्राची एक ओळ या बाजूने, पुढची त्या बाजूने सुरू झाली. बाबा ताठ बसले. मांडीवरचा हात टाळ धरल्यासारखा वळला होता. माझ्या कानाशी येऊन म्हणाले, "बघ, समोरच्या ओळीत ते लहान पोर आहे ना, डावीकडून दुसरं. त्याला सगळं पाठ आहे, पुस्तकाकडे बघतसुद्धा नाही."