जुने कवेलू पाहिजेत

आमच्या गडचिरोलीतल्या वडशाकडे दिवाळी झाली, धान घरात आलं की झाडीपट्टीची नाटकं सुरू, रातभर चालतात, आन् मी लहानपणी नट सोडून मागचा रंगवलेला पडदाच पाहत बसायचो. राजवाड्याचा पडदा वर गेला, जंगलाचा खाली आला की जागाच बदलून जायची. वेड तिथूनच लागलं बाप्पा.

आता सिनेमा-सिरीयलच्या आर्ट डिपार्टमेंटमध्ये काम करतो. लोक विचारतात, प्रोडक्शन डिझायनर म्हणजे सेट लावणारा का? नाही भाऊ, भिंतीचा रंग, भांडी, लोकेशन, कॅमेऱ्यात दिसणारी सगळी दुनिया तो ठरवतो, आन् कला दिग्दर्शक ती उभी करून घेतो. हे पदनाव 1939 च्या गॉन विथ द विंड या हॉलीवूडच्या सिनेमासाठी विल्यम कॅमेरॉन मेंझीजला मिळालं, तिथून रुळलं. आपल्याकडे कला दिग्दर्शक नितीन चंद्रकांत देसाईंचं नाव घ्यावंच लागते, चार राष्ट्रीय पुरस्कार आन् 2005 मध्ये कर्जतला स्वतःचा स्टुडिओ.

मागे एका सिरीयलसाठी आमच्याकडचंच घर करायचं होतं. प्लायवूडची भिंत, वरून माती, शेण, भुसा. तरी नवीकोरीच दिसे. मग स्पंजनं चहाचं पाणी मारलं, चुलीवर काजळी धरली, आन् म्हातारी उठताना चौकटीला जिथं हात टेकते ना, तेवढ्याच जागी तेलाचा हात फिरवत अर्धा तास बसलो. शॉटमध्ये दोन सेकंद दिसलं, पण मला तिथं माझी आजी दिसली.

सध्या जुने कवेलू, म्हणजे छपरावरची मातीची कौलं, शोधतो आहे, शेवाळ धरलेले. कोणाचं पडकं घर असंल तर सांगा, उतरवायला मी स्वतः येतो.