रहमीम : एका मावळत्या नावाची गोष्ट

इस्रायलमध्ये रहमीम नावाची माणसं भेटतात ती बहुतेक साठीच्या पुढची. बीरशेबाच्या बाजारात भाजीच्या गाळ्यामागे, बसच्या थांब्यावर, दवाखान्याच्या बाकावर हे नाव कानावर पडतं. बालवाडीच्या फाटकाशी मात्र पडत नाही. तिथे नोआम, लावी, इताय, ओरी, एतान अशी आखूड, चटकन हाक मारता येणारी नावं. इराक, इराण, कुर्दिस्तान, तुर्कस्तान, मोरोक्को इथून आलेल्या ज्यूंच्या घरांत रहमीम पिढ्यान्‌पिढ्या होता. पूर्व युरोपातून आलेल्यांकडे तो जवळजवळ नसायचाच. आणि हे नाव मनापासून जपणाऱ्यांमध्ये आपल्या रायगडच्या किनाऱ्यावरचे मराठी बोलणारे ज्यू, बेने इस्रायलही होते. दिवेकर, केहिमकर, पेणकर, रोहेकर अशी गावांवरून आडनावं लावणारे, शनिवारी घाणा बंद ठेवणारे म्हणून ‘शनिवार तेली’ म्हटले गेलेले हे लोक. त्यांच्या जुन्या पिढीत सॅम्युएलचा सामाजी झाला, एलियाहूचा एलोजी झाला. रहमीम मात्र माझ्या ओळखीच्या घरांत तरी रहमीमच राहिला.

आमच्याच इमारतीत असं एक कुटुंब आहे. घरातल्या आजी अलिबागजवळच्या. साठच्या दशकात नवऱ्याबरोबर इकडे इस्रायलमध्ये आल्या, पण मराठी अजून तिथल्याच मातीची. त्यांच्या यजमानांचं नाव रहमीम. “आमच्या वेळी ‘रे रहमीम’ म्हणून हाक मारलीस ना, तर चौघं वळून बघायची,” असं त्या सांगतात. गेल्या वर्षी त्यांच्या नातसुनेला मुलगा झाला. दिवस भरायच्या बऱ्याच आधी झाला. बाळ काचेच्या पेटीत, नळ्यांनी वेढलेलं, आणि आई रोज दोन वेळा बसने इस्पितळात जायची. ज्यू मुलाची सुंता आणि नामकरण आठव्या दिवशी होतं, पण मूल अशक्त असेल तर ते पुढे ढकलावंच लागतं; जिवाच्या रक्षणापुढे तिथी मागे पडते, हा धर्माचाच नियम आहे. तोवर बाळाला अधिकृत नाव नाही. पेटीवरच्या चिठ्ठीवर फक्त आईचं नाव.

त्या दिवसांत घरात नावाची चर्चा चालू होती. आजींची इच्छा सगळ्यांना ठाऊक होती, पण त्यांनी ती तोंडाने काढली नाही. इथल्या पौर्वात्य ज्यूंमध्ये आजोबा हयात असतानाही नातवाला त्यांचं नाव देतात आणि तो त्यांचा मान समजतात. पूर्व युरोपीय ज्यू जिवंत माणसाचं नाव सहसा देत नाहीत. इथे तर पणजोबा जाऊन बरीच वर्षं झाली होती, अडचण कसलीच नव्हती. अडचण एवढीच की शाळेत ह्या नावाचा दुसरा कुणी सापडणार नाही. शेवटी निर्णय नातसुनेने घेतला. ती मराठी नाही, तिचं माहेर मोरोक्कोच्या ज्यूंचं. ती मला म्हणाली, इस्पितळाच्या प्रत्येक कागदावर एक शब्द होता, रेखेम. म्हणजे गर्भाशय. तो इतक्या वेळा वाचला की त्यातून बाहेर आलेल्या ह्या जिवाला त्याच शब्दाचं नाव द्यावंसं वाटलं.

रहमीम ह्या शब्दाचं मूळ इथे आहे. हिब्रूत बहुतेक शब्द तीन व्यंजनांच्या धातूवर उभे असतात. रेश, हेत, मेम ह्या तीन अक्षरांचा ‘रेखेम’ म्हणजे गर्भाशय, आणि त्याच तीन अक्षरांचे ‘रहमीम’ म्हणजे दया, कणव, माया. शब्द रूपाने अनेकवचनी आहे. आपल्याकडे डोहाळे किंवा अक्षता जसे एकवचनात कुणी बोलत नाही, तसेच हिब्रूत आयुष्य, चेहरा, पाणी, आकाश हे शब्द अनेकवचनातच येतात, आणि दयाही. एकटीदुकटी दया त्या भाषेत नाहीच.

तनाखमध्ये, म्हणजे हिब्रू बायबलमध्ये, हा शब्द कुठे कुठे येतो ते मी त्या निमित्ताने शोधत गेले. सगळ्यांत जास्त रेंगाळले ती ‘राजे’ ह्या पुस्तकाच्या पहिल्या भागात, तिसऱ्या अध्यायात. शलमोन राजाच्या न्यायाची गोष्ट आपल्याला लहानपणापासून माहीत असते. दोन बाया, एक मेलेलं मूल, एक जिवंत. राजा तलवार मागवतो आणि जिवंत मुलाचे दोन तुकडे करून वाटून द्या म्हणतो. तेव्हा खरी आई ओरडते की तिलाच द्या, पण मारू नका. आपण ही गोष्ट राजाच्या चातुर्याची म्हणून सांगतो. हिब्रूत मात्र त्या क्षणी लक्ष राजाकडे नसतं. वाक्य असं आहे, की आपल्या मुलासाठी तिचे ‘रहमीम’ पेटून उठले. गर्भाशयावरून आलेला शब्द, आणि तो कुणाच्या बाबतीत वापरला आहे, तर मूल आपल्या कुशीतून आलं हे ज्या बाईला सिद्ध करता येत नाही तिच्या. साक्षीदार नाही, कागद नाही. पुरावा तिच्या रहमीमचा. राजाने ओळखलं ते हेच.

अगदी हीच शब्दयोजना उत्पत्तीच्या पुस्तकात पुरुषाबद्दल आहे. भावांनी विकून टाकलेला योसेफ मिसरात मोठा अधिकारी झालाय, दुष्काळात धान्यासाठी आलेले भाऊ त्याला ओळखत नाहीत. धाकटा बन्यामीन समोर येतो. सख्खा भाऊ, एकाच आईचा. योसेफचे रहमीम उसळतात, तो आतल्या खोलीत जाऊन रडतो, तोंड धुतो आणि बाहेर येऊन जेवण वाढायला सांगतो. एकाच उदरातून आलेल्या दोघांच्या मधे हा शब्द ठेवणाऱ्या लेखकाला काय म्हणायचं होतं, हे मला निराळं समजावून घ्यावं लागलं नाही. आणि १०३ व्या स्तोत्रात तर बाप मुलांवर जशी माया करतो तशी देव करतो, असं म्हणताना क्रियापद ह्याच धातूचं आहे. आईच्या अवयवाचं क्रियापद बापाच्या हाती दिलंय. म्हणूनच हे नाव मुलग्याचं आहे ह्याचं मला फार अप्रूप वाटतं. कित्येक पिढ्यांनी आपल्या मुलग्यांना सिंह, लांडगा, हरीण अशीही नावं दिली, आर्ये, झेएव, त्स्वी. त्यांच्याच शेजारी कुणी तरी मुलग्याला आईच्या पोटातल्या मायेचं नाव देत राहिलं.

तनाखमध्ये रहमीम हे माणसाचं नाव म्हणून मात्र येत नाही. तसा वापर नंतरचा. तिथे ह्या धातूची भावंडं भेटतात. यरहमेएल, म्हणजे देव दया करो. हे आज मुख्यतः कर्मठ घरांत दिसतं आणि रहमीमहूनही दुर्मीळ आहे. होशेय संदेष्ट्याच्या मुलीचं नाव लो-रुहामा, ‘जिच्यावर दया झाली नाही अशी’; पुढच्याच अध्यायात तो नकार गळून पडतो आणि रुहामा उरते. नेगेवच्या वाळवंटाच्या उत्तर टोकाला त्या नावाचा किबुत्स, म्हणजे सामूहिक वसाहत, आहे. आणि शमुवेल संदेष्ट्याच्या आजोबांचं नाव यरोहाम. बीरशेबाच्या दक्षिणेला येरुहाम नावाचं गाव आहे, १९५१ साली निर्वासितांच्या वस्तीतून उभं राहिलेलं. तिथे आज बेने इस्रायलची पुष्कळ घरं आहेत आणि वाण्याच्या दुकानात पोहे मिळतात.

नाव म्हणून रहमीम कमी होत गेला तरी शब्द म्हणून तो इथे दिवसभर ऐकू येतो. जेवणानंतरच्या प्रार्थनेत ‘हारहमान’, म्हणजे तो दयाळू, अशी सुरुवात असलेल्या ओळी मुलं ताल धरून म्हणतात. तालमूद ह्या ज्यू धर्मचर्चेच्या ग्रंथाच्या अरमाई भाषेत देवाला सरळ ‘रहमाना’च म्हटलंय. त्याच तालमूदमध्ये एका ठिकाणी विचारलंय, की देव स्वतः प्रार्थना करतो का, आणि करत असेल तर कोणती? उत्तर असं, की माझ्या रहमीमने माझ्या क्रोधावर मात करावी, अशी तो प्रार्थना करतो. हे मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा पुस्तक मिटून बराच वेळ नुसती बसले होते. आणि अंत्यविधीला, सैनिकांच्या स्मरणदिनाला, कबरींपाशी म्हणतात ती प्रार्थना ‘एल माले रहमीम’, दयेने ओतप्रोत असलेल्या देवा. गेल्या काही वर्षांत ती इथे फार वेळा म्हणावी लागली आहे. ज्यू आणि अरब दोन्हीकडे मातम असताना हा शब्द अरबीतही तोच आहे, हे विसरता येत नाही. रहमान, रहीम, रहमत, सगळे ह्याच मुळाचे. अरबीतही गर्भाशयाला रहिम म्हणतात. तिथूनच फारसीच्या वाटेने ‘रहम’ आपल्या मराठीत आला आणि ‘रहम करा’ म्हणताना आपणही त्याच तीन अक्षरांना हात घालतो.

उच्चाराचं थोडं सांगायला हवं. आजच्या इस्रायली तोंडी तो ‘रखमीम’ असा घशातून घासून येतो. आजी तो साधा, मऊ ‘ह’ लावून उच्चारतात. नातवंडं आधी हसायची. मग सिनेगॉगमधल्या, म्हणजे ज्यूंच्या प्रार्थनामंदिरातल्या, एका इराकी वृद्धाने त्यांना सांगितलं, की हेत ह्या अक्षराचा जुना उच्चार ‘ख’पेक्षा ‘ह’च्याच जवळचा आहे. अक्षरांच्या किमती मोजण्याची आवड असलेल्या त्याच गृहस्थांनी आणखी एक दाखवलं. रेखेमच्या तीन अक्षरांची बेरीज २४८ होते. अब्राहामच्या नावाचीही २४८. तोरामध्ये, म्हणजे तनाखच्या पहिल्या पाच पुस्तकांत, ‘कर’ असं सांगणाऱ्या आज्ञाही परंपरेनुसार २४८.

बाळाचं वजन पुरेसं वाढलं तेव्हा सुंतेचा दिवस ठरला. एक खुर्ची एलियाहू संदेष्ट्यासाठी रिकामी ठेवली होती, जशी प्रत्येक सुंतेला ठेवतात. बेने इस्रायलचा एलियाहू हनाबीवर विशेष जीव. अलिबागजवळच्या खंडाळ्याला तो रथातून उतरला असं ते मानतात आणि संकट टळलं की त्याच्या नावाने मलिदा करतात. पोहे, गूळ, ओलं खोबरं, वर फळं. आजींनी आदल्या रात्रीपासून नारळ खवले होते. मोहेलने, म्हणजे सुंता करणाऱ्याने, आपलं काम केलं आणि ठरलेल्या सुरात म्हटलं, की इस्रायलात ह्याचं नाव असो… आणि बापाकडे वळला. बापाने नाव त्याच्या कानात सांगितलं. तोवर ते कुणालाच सांगायचं नसतं. आजींना बहुधा कल्पनाच नव्हती. नाव उच्चारलं गेलं तेव्हा त्यांनी आधी दोन्ही हातांनी कानशिलांवर बोटं मोडली आणि मग मराठीत एवढंच म्हणाल्या, “आला गं माझा.”

मलिदा खाता खाता मी त्यांना ‘शाआर हरहमीम’बद्दल विचारलं. म्हणजे दयेचं दार. ह्या नावाचं एक दार जेरुसलेममध्ये आहे, जुन्या शहराच्या पूर्वेकडच्या तटात, जैतूनाच्या डोंगरासमोर. दोन कमानींचं, दगडांनी चिणलेलं. मशीहा येईल तो इथूनच, अशी श्रद्धा आहे. मुसलमान त्यालाच बाब अर-रहमा म्हणतात, आणि तटाबाहेर त्यांचं कब्रस्तान आहे. ते दार मी पाहिलंय. पण आजी म्हणाल्या ते निराळं. “आमचं शाआर हरहमीम मुंबईला. माझं लगीन तिथेच लागलं.”

मुंबईतलं हे सगळ्यांत जुनं सिनेगॉग. ते सामाजी हसाजी दिवेकर, म्हणजे सॅम्युएल एझिकिएल, ह्यांनी १७९६ साली बांधलं. ते ईस्ट इंडिया कंपनीच्या फौजेत अधिकारी होते. म्हैसूरच्या लढाईत टिपू सुलतानाच्या कैदेत पडले. समाजात परंपरेने सांगतात ती गोष्ट अशी, की कैद्यांना मारायचं ठरलं तेव्हा सामाजींनी आपली जात ‘बनी इस्रायल’ सांगितली. टिपूच्या आईने हे नाव कुराणात वाचलेलं होतं, पण असा माणूस कधी पाहिलेला नव्हता. तिने रदबदली केली आणि त्यांचा जीव वाचला. सुटलो तर सिनेगॉग बांधीन असा नवस त्यांनी केला होता, तो मुंबईला येऊन फेडला. दुसऱ्याच वर्षी ते कोचीनला वारले. गोष्टीतला इतिहास किती आणि आख्यान किती हे अभ्यासकांनी ठरवावं. मला दिसतं ते हे, की एका आईच्या शब्दावर जीव परत मिळालेल्या माणसाच्या देवळाचं नाव रहमीम आहे.

आसपासचे लोक त्या वास्तूला जुनी मशीद म्हणत. बेने इस्रायल स्वतःही सिनेगॉगला मशीदच म्हणायचे. १८६० साली ती जवळच्याच आजच्या जागी हलली. मशीद स्टेशनाचं नाव ह्याच इमारतीवरून पडलं असं मुंबईचा इतिहास सांगणारे सांगतात, आणि समोरचा रस्ता सॅम्युएल स्ट्रीट तो ह्याच सामाजींच्या नावाचा. लाखो मुंबईकर रोज त्या पाटीखालून जातात.

छोट्या रहमीमला आता घरात रामी म्हणतात, इथे ह्या नावाचं तेच लाडकं रूप. तो थोडा मोठा झाला की आईबाप त्याला मुंबई दाखवणार आहेत. आजींना विमान झेपणार नाही, म्हणून वाट मला विचारून घेतली. मी लिहून दिलंय : हार्बरची कुठलीही किंवा मध्य रेल्वेची धीमी लोकल, सीएसएमटीच्या एक स्टेशन आधी उतरायचं. शनिवारी गेलात तर फोटो काढू नका. आणि कुणी नाव विचारलं, तर पूर्ण सांगा.