मी नव्हतो, काही अडलं का?

'नोट्स कोण घेतंय?' असं मीटिंगच्या सुरुवातीला कुणी विचारलं की सगळ्यांच्या नजरा जिकडे वळतात, तिकडे मी बसलेली असते. हे काम मला कुणी दिलं नाही आणि आता कुणी काढूनही घेत नाही. पण त्यामुळे एक गोष्ट आपोआप माझ्या वाट्याला येते: मीटिंग चुकवलेल्या माणसाची पहिली माफी. साहेबांकडे तो नंतर जातो, जावंच लागलं तर. आधी माझ्याकडे, कारण काय झालं ते माझ्याकडे लिहिलेलं असतं, आणि साहेबांपुढे किती अजिजी करायची याचा अंदाज त्याला माझ्याकडूनच घ्यायचा असतो.

सगळ्यांत जास्त चालते ती 'सॉरी, दुसऱ्या कॉलवर अडकलो होतो' ही माफी. तिला कुणी हरकत घेऊ शकत नाही. कामापायी काम राहिलं, त्याला काय बोलणार? वर तिच्यात थोडी ऐटही आहे. मला एकाच वेळी दोन ठिकाणी बोलावतात, हे न सांगता सांगून होतं. 'नेट गेलं होतं' हे एके काळी भरवशाचं कारण होतं. आता 'मग फोनवरून जॉईन व्हायचं ना' असं कोणीही म्हणतं, त्यामुळे त्याचा भाव पडला आहे. 'मला इन्व्हाईट आलंच नाही' ही तर माफीच नव्हे, उलटा आरोप आहे. मीटिंग ठेवणारा बिचारा हातातलं काम टाकून शोधत बसतो, आणि बहुतेक वेळा इन्व्हाईट सापडतं. गेलेलं असतं, पोचलेलं असतं, त्यावर 'कदाचित' असं उत्तरही आलेलं असतं.

मग लांबलचक माफ्या. सकाळपासूनचा वृत्तान्त. गाडी सुरू झाली नाही, मग मेकॅनिक आला, त्याच्याकडे तो पार्ट नव्हता, तेवढ्यात घरून फोन आला. वाचता वाचता सहानुभूती वाटायला लागते आणि तिसऱ्या परिच्छेदाशी ती संपते. खरं कारण बहुधा आखूड असतं, असं माझं आपलं निरीक्षण आहे. एका सहकाऱ्याने एकदा मीटिंगनंतर नुसतं 'झोप लागली' एवढंच कळवलं. त्याच्यावर कुणी रागावलं नाही. उलट दोघातिघांच्या चेहऱ्यावर हेवा दिसला.

पण मला माफीच्या पहिल्या वाक्यात फारसा रस नाही. माझं लक्ष दुसऱ्या वाक्याकडे असतं. कारण सांगून झालं की थोडा वेळ स्क्रीनवर काहीच उमटत नाही, आणि मग सहज आठवल्यासारखा प्रश्न येतो: 'बाकी, काही महत्त्वाचं झालं का?'

या एका प्रश्नाच्या पोटात दोन प्रश्न असतात. पहिला व्यवहाराचा: माझ्या गळ्यात काही मारलं का? त्याचं उत्तर बहुतेक वेळा 'हो' असं असतं. मीटिंगमध्ये एखादं नकोसं काम निघालं की सगळे आपापल्या वहीत डोकं घालतात. व्हिडिओ कॉल असेल तर दोन-तीन कॅमेरे बंद होतात. मग कुणीतरी न आलेल्याचं नाव घेतो आणि इतका वेळ गप्प असलेली माणसं एकदम बोलती होतात. 'हो हो, तोच योग्य आहे. त्याला त्यातलं सगळं माहीत आहे.' गैरहजर माणसाचे इतके गुण त्याच्या निरोपसमारंभातही कुणी सांगणार नाही. त्याला 'नको' म्हणता येत नसतं, हा त्यातला सर्वांत मोठा गुण. मी नाव टाइप करते, पुढे तारीख टाकते, मीटिंग पुढे सरकते.

दुसरा प्रश्न आतला आहे आणि तो कुणी कधीच थेट विचारत नाही: माझ्यावाचून काही अडलं का?

त्याला धड 'हो'ही नको असतं आणि 'नाही'ही नको असतं. आपल्यामुळे कुणाचं नुकसान व्हावं, असं कुणालाच वाटत नाही. पण आपण नसताना सगळं सुरळीत पार पडलं, हेही ऐकवत नाही. खरं तर ऐकायचं असतं ते असं: काम झालं, पण कुणीतरी मध्येच म्हणालं, 'आत्ता ती असती तर चटकन सांगितलं असतं.' एवढ्यावर माणूस आठवडा काढतो. आपण मात्र चांगुलपणाने काय कळवतो? 'अगं, काही नाही, विशेष काही झालं नाही. तू नव्हतीस तरी चाललं.' धीर द्यायला म्हणून लिहिलेल्या या वाक्यानंतर समोरून नुसता अंगठा येतो. त्या अंगठ्यात किती मजकूर असतो, हे तो पाठवणाराच जाणे.

आपल्यावाचून अडेल, या हिशेबावर मीटिंगला न जाण्याचं जगातलं सर्वांत महागडं उदाहरण बहुधा १९५० सालचं आहे. संयुक्त राष्ट्रांत चीनची जागा कोणत्या सरकारची, या वादावरून सोव्हिएत प्रतिनिधी याकोव्ह मलिक जानेवारीत सुरक्षा परिषदेतून उठून गेले आणि नंतर बैठकांना येईनासे झाले. हातात नकाराधिकार, म्हणजे एका माणसाने मान हलवली की ठराव पडणार. पण मान हलवायला माणूस खोलीत हवा. २५ जूनला उत्तर कोरियाचं सैन्य दक्षिणेत घुसलं. परिषद त्याच दिवशी बसली आणि ठराव झाला. २७ जूनला दुसरा झाला, दक्षिण कोरियाला मदत करा असं सांगणारा. ७ जुलैला तिसरा, मदतीला आलेल्या फौजा अमेरिकेच्या हाताखाली एकत्र आणणारा. सोव्हिएत खुर्ची तिन्ही वेळा रिकामी. १ ऑगस्टला मलिक परतले ते थेट अध्यक्षाच्या जागेवर, कारण पाळीने त्या महिन्याचं अध्यक्षपद त्यांच्याच देशाकडे आलं होतं. दिलगिरी वगैरे काही नाही. आम्ही नसताना घेतलेले ठराव बेकायदा आहेत, अशी त्यांच्या देशाची भूमिका होती. ही भूमिका मला अगदी ओळखीची वाटते. 'मी नसताना तुम्ही ठरवलंत कसं?' असं विचारणारे आमच्याकडेही आहेत. त्यांच्यासाठी मी मिनिट्समध्ये, म्हणजे मीटिंगच्या लेखी नोंदीत, उपस्थितांची नावं ठळक अक्षरांत देते.

उलट बाजूही आहे. कधीकधी खरंच अडतं. आकडे ज्याच्याकडे, तोच आलेला नसतो. पाच मिनिटं वाट बघून, हवापाण्याच्या गप्पा मारून सगळे उठतात आणि मीटिंग पुढे ढकलली जाते. अशा माणसाची माफी पाहण्यासारखी असते. तो जागेवर जाऊन, एकेकाला गाठून माफी मागतो. 'माझ्यामुळे सगळ्यांचा खोळंबा झाला हो.' शब्द अपराध्याचे, पण आवाजाला एक तेज चढलेलं. हे मी कुचकेपणाने म्हणत नाही. ज्याच्यामुळे खोळंबा होतो त्याला आपली किंमत कळते, आणि अशा संधी नोकरीत फार येत नाहीत.

कोण आल्यावाचून अडायचं, हे माणसांवर सोडलं तर पंचाईत होते म्हणूनच कोरमचा, म्हणजे किमान हजेरीचा, नियम आला असावा. प्राचीन अथेन्समध्ये काही निर्णयांना सहा हजार नागरिकांची हजेरी लागे. लोक बाजारात गप्पा मारत रेंगाळत, तेव्हा लाल रंगात भिजवलेला दोर ताणून त्यांना सभेकडे हाकलत, आणि ज्याच्या कपड्यांना रंग लागला त्याला दंड होई. तिथे 'दुसऱ्या कॉलवर होतो' म्हणायची सोय नव्हती, पुरावा अंगावरच.

आपल्या कंपनी कायद्यानेही माफीचा विचार केलेला आहे. १९५६ च्या कायद्यात संचालक बोर्डाच्या सलग तीन बैठकांना किंवा तीन महिने एकाही बैठकीला आला नाही, यातला जो काळ मोठा असेल तितका गैरहजर राहिला, तर त्याचं पद जाई. पण रजा मागून घेतली असेल तर जात नसे. रीतसर माफी म्हणजे अभय. २०१३ च्या नव्या कायद्याने मुदत वाढवली, बारा महिन्यांतल्या सगळ्या बैठका चुकल्या तरच पद जाईल असं म्हटलं, आणि पुढे एक बारीक शेपूट जोडलं: रजा मागितलेली असो वा नसो. म्हणजे वर्षभर दर वेळी अगदी सुंदर शब्दांत दिलगिरी कळवत राहिलात, तरी उपयोग नाही. हा मसुदा करणाऱ्याने आयुष्यात कधीतरी मिनिट्स लिहिली असणार, अशी माझी खात्री आहे.

कॅलेंडर मात्र कायद्यापेक्षा भोळं. एका कॅलेंडरातून दुसऱ्यात इन्व्हाईट जाण्यासाठी जो सामाईक नमुना वापरतात, तो १९९८ मध्ये ठरला आणि २००९ मध्ये सुधारला. त्यात पाहुण्याच्या उत्तराच्या जागा ठरलेल्या आहेत: अजून उत्तर नाही, येतो, येत नाही, कदाचित येईन, माझ्याऐवजी दुसऱ्याला पाठवतो. 'आला होता' अशी जागा त्यात नाही. येईन म्हणालेला माणूस आला की नाही, याच्याशी कॅलेंडरला काही देणंघेणं नाही. 'येतो'वर बोट दाबून झालं की आपण जाऊन आल्यासारखंच बऱ्याच जणांना वाटतं, त्याचं मूळ इथे असावं. आणि 'कदाचित' हा पर्याय ज्याने ठेवला, त्याने जगभरातल्या माफ्यांचं अर्धं काम आधीच करून ठेवलं. नाही आलो तरी मी कुठे 'येतो' म्हणालो होतो?

ज्यात कुणाचाच दोष नाही अशीही एक माफी आहे. ती वर्षातून दोनदा हंगामी येते. उन्हाळ्यासाठी अमेरिका मार्चच्या दुसऱ्या रविवारी घड्याळं तासभर पुढे करते, युरोप मार्चच्या शेवटच्या रविवारी. मागे करताना युरोप ऑक्टोबरच्या शेवटच्या रविवारी, अमेरिका नोव्हेंबरच्या पहिल्या. मधल्या त्या थोड्या आठवड्यांत न्यूयॉर्क आणि लंडनमधलं नेहमीचं पाच तासांचं अंतर चार तासांवर येतं. न्यूयॉर्कच्या माणसाने सकाळी ९ ला ठेवलेली मीटिंग लंडनमध्ये एरवी दुपारी २ ला असते, ती त्या दिवसांत १ लाच होते. सवयीने २ ला आलेला माणूस रिकाम्या कॉलमध्ये स्वतःचाच चेहरा बघत बसतो. त्याची माफी वाचताना मला कधीच हसू येत नाही. थोडंसंच येतं.

आता माफीला उत्तर काय द्यावं? यावर माझे विचार बदलत गेले आहेत. पूर्वी मी सगळ्यांना 'इट्स ओके' लिहून मिनिट्सची फाईल चिकटवत असे. मग लक्षात आलं, ज्याने माफी मागितली आहे तो फाईल उघडेलच असं नाही. माफी मागितली, ओके आलं, हिशेब मिटला. तीन दिवसांनी तोच विचारतो, 'हे काम माझ्याकडे कधी आलं?' म्हणून आता मी फाईल पाठवतच नाही. लिहिते, 'चौथा मुद्दा तुझ्या नावावर आहे.' एवढंच. चौथा मुद्दा काय आहे ते लिहीत नाही. फाईल लगेच मागवली जाते आणि, मला सांगायला आनंद वाटतो, वाचलीही जाते.

इतक्या माफ्यांत मला मनापासून आवडलेली माफी एका ज्येष्ठ सहकाऱ्यांची. त्यांना येता आलं नव्हतं. का, ते मला आजही माहीत नाही, कारण त्यांनी सांगितलं नाही. मिनिट्स मागितली, आणि संध्याकाळी त्यांचा निरोप आला: 'वाचलं. दुसऱ्या मुद्द्यावर मी असतो तर भांडलो असतो, हा निर्णय महिनाभरही टिकणार नाही. पण झालाय तर झालाय. माझ्याकडचं काम शुक्रवारी देतो.' यात सॉरी नाही, कारण नाही, काही अडलं का अशी चाचपणीही नाही. मी तो निरोप साहेबांना दाखवला. ते म्हणाले, 'हे बोलायला मीटिंगला यायचं होतं ना.' तेही खरंच.

निर्णय काही टिकला नाही. तो बदलण्यासाठी पुन्हा मीटिंग ठेवावी लागली. तिला ते ज्येष्ठ सहकारी वेळेआधी येऊन बसले, आणि पहिल्या वेळी ज्या दोघांनी त्या निर्णयाला सर्वांत जोरात मान डोलावली होती, ते दोघे नेमके दुसऱ्या कॉलवर अडकले.