आमची वाटचाल: कुडाळच्या मांडवापासून समुद्रकाठच्या लग्नांपर्यंत

सासऱ्यांचा मंडप डेकोरेशनचा व्यवसाय कुडाळात जुना. बांबू, कनाती, खुर्च्या, मोठी पातेली, सगळं भाड्याने. गावात लग्न निघालं की मांडव आमची माणसं घालायची आणि पुढचं वाडी बघायची. नारळ खवायला शेजारच्या काकी, पंगतीत वाढायला वाडीतली पोरं, देवक बसवायला थोरली आत्या. कोणी कोणाला काम सांगायला जात नसे.

पुढे पुण्या-मुंबईची कुटुंबं वेंगुर्ला, भोगवे, तारकर्लीकडे लग्नं करू लागली आणि नवऱ्याने नि मी मंडपाच्या जोडीला अख्ख्या लग्नाची व्यवस्था घ्यायला सुरुवात केली. मार्च 2020 मध्ये लॉकडाऊन लागलं, हातातला हंगाम गेला. मग 50 माणसांची मुभा मिळाली. एप्रिल 2021 मध्ये महाराष्ट्रात तीही 25 माणसं आणि दोन तासांवर आली. त्या काळात लहान, आटोपशीर लग्नांची लोकांना गोडी लागली. जानेवारी 2023 मध्ये गोव्यातला मोपाचा विमानतळ सुरू झाला आणि बेंगळुरू-दिल्लीकडची मराठी कुटुंबंही आमच्याकडे चौकशी करू लागली. आता तिकडे पेडण्यापर्यंतची कामं आम्ही घेतो.

या सगळ्या लग्नांत एक गोष्ट सारखी दिसत राहिली. सजावट सुंदर, जेवण उत्तम, आणि मुलीच्या आईचा चेहरा ओढलेला. वेंगुर्ल्याच्या एका लग्नात हळदीच्या दुपारी त्या बाई कोचावर वही घेऊन बसल्या होत्या. फोन खाली ठेवला की पुन्हा वाजायचा. गिझर चालत नाही, आमची खोली कोणती, स्टेशनवर गाडी कुठे उभी आहे. डबा समोर तसाच, बीपीची गोळी राहून गेलेली. आणि पलीकडे पोहण्याच्या तलावाजवळ त्यांच्या दोन नणंदा आणि एक जाऊ नुसत्या बसून होत्या. त्यांना मनापासून काहीतरी करायचं होतं, पण त्यांच्या हातात खोलीची किल्ली आणि स्वागताचा नारळ दिला होता. आमच्याकडे मंडपात वर्षानुवर्षं काम केलेले एक काका पुढे झाले, फोन हळूच काढून घेतला आणि म्हणाले, "वैनी, तुम्ही जेवा. मी बघतंय."

माझं ठाम मत तिथेच झालं. लग्न घरापासून दूर गेलं की मदतीचे हात पाहुणे होतात आणि त्यांचं सगळं ओझं दोन-तीन माणसांवर येऊन पडतं. फुलं वाढवून किंवा मसाज ठेवून तो ताण कमी होत नाही. कामं पुन्हा घरच्या माणसांत वाटावी लागतात.

म्हणून आता पहिल्या बैठकीत रंगसंगतीच्या आधी मी नातेवाइकांची नावं विचारते. रुखवत कोण मांडणार, अक्षता कोण वाटणार, आजोबांच्या औषधांवर कोणाचं लक्ष, दागिन्यांची पिशवी कोणाकडे. हे घरच्यांचं. गाड्या, खोल्या, पाणी, वीज, आचारी हे आमचं. पत्रिकेवर चौकशीसाठी आमचा नंबर असतो आणि शेवटच्या आठवड्यात वधूवरांच्या आईवडिलांना पाहुण्यांचे फोन घेऊ देत नाही.

आमची पत्र्याची पेटी हा माझ्या जिव्हाळ्याचा विषय. रिसॉर्टवर सगळं मिळतं, पण संध्याकाळी सहा वाजता मुसळ मिळत नाही. घाण्याला आंब्याची पानं बांधलेली मुसळं लागतात, पाच सवाष्णी हळकुंडं कांडतात. ते ऐनवेळी शोधणं म्हणजे घरभर पळापळ. पेटीत मुसळं, सूप, पाट, अंतरपाट, जानवी, सुपाऱ्या, हळकुंडं, मुंडावळ्यांचा जादा जोड, सुईदोरा, काडेपेटी. लाह्या तेवढ्या ताज्या आणतो. लग्नाच्या महिनाभर आधी गुरुजी आणि दोन्ही घरं एकाच फोनवर बोलतात, कारण देशावरच्या आणि कोकणातल्या पद्धती वेगळ्या, आणि तो वाद बोहल्याजवळ नको.

काही गोष्टी आधीच स्पष्ट सांगितलेल्या बऱ्या. रेल्वेचं आरक्षण 1 नोव्हेंबर 2024 पासून 120 ऐवजी 60 दिवस आधी उघडतं. तेव्हा कोकणकन्या, मांडवी, तुतारीसाठी नावं आणि वयं त्याआधी हाताशी हवीत. रात्री दहानंतर उघड्यावर लाऊडस्पीकर चालत नाही, म्हणून संगीत आम्ही साडेसहाला सुरू करतो. मे महिन्यात किनाऱ्यावर दुपारी हळद लावू नये. घामाने माणूस हैराण होतं आणि नवरी दुसऱ्या दिवशी गळून जाते. सर्व व्यावसायिकांचे हप्ते लग्नाच्या आठ दिवस आधी मिटवायचे, फक्त शेवटचा भाग मागे ठेवायचा. हळदीच्या रात्री वधूपित्याला पाकीट घेऊन फिरताना पाहणं मला अजिबात सहन होत नाही.

वधूवरांसाठी आमचा एकच हट्ट असतो. हळद उतरवून झाली की जेवण आणि झोप. फोटोग्राफरला आम्ही हे करारातच लिहून देतो. मुहूर्त सकाळचा असेल तर मेकअपला पहाटे उठावं लागतं आणि घटिका कोणासाठी थांबत नाही.

आईवडील दोन दिवस आधी कुडाळला उतरले तर त्यांचं केळवण आता आमच्या घरी होतं. सासूबाई स्वतः वाढतात. उकड्या तांदळाचा भात, वालीची उसळ, सोलकढी, आणि मासे खाणाऱ्यांना सुरमई. जेवताना लग्नाचा विषय काढायचा नाही, असं त्याच बजावतात. यंदा तुळशीच्या लग्नानंतर हंगाम सुरू होईल तेव्हा आमच्या गटात दोन नव्या मुली असतील. एक फक्त ज्येष्ठ पाहुण्यांकडे बघेल, दुसरी वधूच्या आईसोबत राहील.